एक गाडी हातची

ज्या देशात आपल्याला पाऊलही टाकायचं नाही, त्या देशाच्या दारात 'येऊ द्या हो' म्हणून अर्ज करायची पाळी शत्रूवरही येऊ नये. ती कंट्रोलरांवर आली. बरं, निष्काळजीपणामुळे आली असती तर त्यांना एवढं लागलं नसतं. ती आली अति काळजीमुळे. चौतीस वर्षांत एकदाही उशीर न केलेला माणूस, आणि नेमका तोच अडकला, तेही वेळेवरून!

कंट्रोलर म्हणजे बसस्टँडवरचे वाहतूक नियंत्रक. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली होती, पण बिल्डिंगमध्ये त्यांना नावानं कोणी ओळखत नव्हतं. दूधवाला किती मिनिटं उशिरा आला, पेपर किती वाजता पडला आणि पाहुणे किती वाजता 'सुटले', हे सगळं ते अजूनही वहीत टिपून ठेवत. नोकरीत असताना त्यांनी एकदा डेपो मॅनेजरची गाडीसुद्धा सोडून दिली होती. म्हणजे मॅनेजर धावत येत होते आणि कंट्रोलरांनी शिट्टी फुंकली. मॅनेजर नंतर केबिनमध्ये पुष्कळ बोलले. कंट्रोलर एवढंच म्हणाले, "साहेब, नऊ पाच म्हणजे नऊ पाच."

आणि त्यांचं एक तत्त्व होतं. 'एक गाडी हातची.' म्हणजे असं की, तुम्हाला दहाच्या गाडीनं जाऊन चालणार असेल, तर नऊची पकडायची. नऊची चुकली तर दहाची आहेच. या तत्त्वापायी बाईंना, म्हणजे कंट्रोलरांच्या बायकोला, जन्मभरात किती लग्नांच्या मांडवात खुर्च्या मांडायच्या आधी जाऊन बसावं लागलं, याची मोजदाद नाही. एका लग्नात तर मांडववाल्यानं त्यांनाच दोरी धरायला लावली होती.

या एवढ्या वक्तशीर माणसाला एका बाबतीत मात्र घरात मान वर करता येत नसे. मुलीच्या जन्माच्या दिवशी ते हजर नव्हते. स्टँडवर त्या दिवशी दोन ड्रायव्हर गैरहजर, एक गाडी घाटात बंद पडलेली. कंट्रोलर दवाखान्यात पोचले दुपारी चार वाजता. तोवर मुलगी एक झोप काढून उठलीही होती. पाळण्याला अडकवलेल्या चिठ्ठीवरून त्यांनी जन्मवेळ वाचली आणि तोंडपाठ केली. त्यानंतर कोणीही विचारो, न विचारो, ते सांगत, "सकाळी दहा वाजून सतरा मिनिटं!" आणि बाई आतून म्हणत, "मी तिथे होते, मला वेळ माहीत नाही. हे नव्हते, यांना मिनिटापर्यंत माहीत आहे. हजर असलेल्या माणसाला घड्याळ बघायला सुचतं होय?"

हे वाक्य बत्तीस वर्षं या घरात होतं. भांडणात होतं, हसण्यातही होतं. बाई रागानं म्हणत नसत, पण कंट्रोलरांना दर वेळी ते लागायचं.

आता तीच मुलगी लांबच्या देशात होती आणि तिला दिवस गेले होते. बाळाची तारीख वीस. फोनवर ती म्हणाली, "अप्पा, या वेळी वेळेवर या हं." गमतीनंच म्हणाली. पण कंट्रोलरांनी फोन ठेवला, खिडकीत जाऊन उभे राहिले आणि बराच वेळ नाक शिंकरत राहिले. या खेपेला मात्र हजर राहायचं. जग इकडचं तिकडे होवो.

तिकीट काढायला ते बाईंना घेऊन स्वतः गेले. तिकीटवाली चटपटीत होती. तिनं मिनिटभरात विमान शोधून दिलं. "पंधरा तारखेला निघायचं काका, मधल्या देशात विमान बदलायचं, सोळाला मुलीकडे. बदलायला एक तास पंचवीस मिनिटं मिळतात. सगळे असेच जातात."

"एक तास पंचवीस?" कंट्रोलर खुर्चीतून अर्धे उठले. "आणि पहिलं विमान लेट झालं तर?"

"सहसा होत नाही काका."

'सहसा होत नाही' हे वाक्य कंट्रोलरांनी चौतीस वर्षं ड्रायव्हरांच्या तोंडून ऐकलं होतं. त्यांनी फर्मान सोडलं. पहिलं विमान एक दिवस आधीचं, म्हणजे चौदाचं. मधल्या विमानतळावर बसून राहू. दुसरं विमान ठरलेलंच. एक गाडी हातची!

तिकीटवालीनं एकदा कंट्रोलरांकडे पाहिलं, एकदा बाईंकडे. बाईंनी 'काही उपयोग नाही' अशी मान हलवली. तिकिटं निघाली. मधल्या मुक्कामाचा वेळ झाला पंचवीस तास पंचवीस मिनिटं. कंट्रोलरांनी तो आकडा घरी येऊन वहीत लाल शाईनं लिहिला आणि खाली दोन रेघा ओढल्या.

महिनाभर सगळं सुरळीत होतं. मुलीच्या देशाचा व्हिसाही आला. निघायला अठरा दिवस असताना वरच्या मजल्यावरचे 'अकरा दिवस' जिन्यात भेटले. हे गृहस्थ पूर्वी एकदा अकरा दिवस परदेशात जाऊन आले होते आणि पुढची अकरा वर्षं त्याबद्दल बोलत होते. त्यांचं नाव असं का पडलं हे सांगायला नकोच. त्यांनी चष्मा कपाळावर चढवून तिकीट पाहिलं आणि विचारलं, "मधल्या देशाचा व्हिसा काढलात ना?"

"त्याचा काय संबंध?" कंट्रोलर म्हणाले. "आपण तिथे उतरतच नाही. म्हणजे विमानातून उतरतो, देशात उतरत नाही. मधल्या स्टँडवर गाडी थांबली म्हणून त्या गावची घरपट्टी भरतो का आपण?"

"चोवीस तासांपर्यंत नाही लागत. आत बसून राहायचं, पुढचं विमान धरायचं. त्यावर एक मिनिट झालं की लागतो." अकरा दिवसांनी तिकीट परत दिलं. "मी गेलो होतो तेव्हा..."

पुढचं कंट्रोलरांनी ऐकलं नाही. ते जिन्यातच बसले. तिसऱ्या पायरीवर. त्या पायरीवर धूळ असते, हे त्यांना माहीत होतं, तरीही बसले.

तिकीटवालीकडे धाव घेतली, तर तिनं संगणकावर टकटक करून मान हलवली. पंधराचं विमान भरलं होतं. चौदाला लागून सुटणारं पुढचं विमानही भरलं होतं. दुसऱ्या वाटांची विमानंही भरली होती. जागा होती ती थेट चोवीस तारखेला. "मी म्हटलं होतं काका," असं काही ती म्हणाली नाही. ती म्हणाली असती तर बरं झालं असतं, असं कंट्रोलरांना वाटलं.

एव्हाना बातमी बिल्डिंगभर झाली होती. तळमजल्यावरचे दातांचे डॉक्टर म्हणाले, त्यांचा एक पेशंट याच वाटेनं नेहमी जातो. त्यांनी त्याला फोन करून विचारलंसुद्धा. पण तो पेशंट नुकताच दाढ काढून घेऊन घरी गेला होता, त्यामुळे त्याचं उत्तर कोणालाच समजलं नाही. बाईंच्या थोरल्या बहिणीनं फोनवर सांगितलं, "काउंटरवर रडायचं. मोठ्यानं. भावजींना जमत नसेल तर तू रड." अकरा दिवस तर रोज संध्याकाळी येऊन बसू लागले आणि रोज नवा नियम सांगू लागले. त्यातले बरेचसे त्यांच्या स्वतःच्या डोक्यातून निघत असावेत, कारण एका नियमाप्रमाणे पांढऱ्या मोज्यांना मनाई होती.

शेवटी मधल्या देशाचा व्हिसा काढायचं ठरलं. आता आली का पंचाईत! फोटो हवा होता, चष्म्याशिवाय, न हसता, दोन्ही कान दिसतील असा. फोटोवाला म्हणाला, "साहेब, हसू नका." कंट्रोलर म्हणाले, "मी स्टँडवर चौतीस वर्षं काढली आहेत, मला हसू नका म्हणायची गरज नाही." ते खरंच होतं. पण त्यांचा डावा कान जन्मापासून डोक्याला जरा चिकटून आहे. तो समोरून दिसेना. फोटोवाल्यानं मान उजवीकडे करायला सांगितली तर उजवा कान गेला. सहा फोटो झाल्यावर फोटोवाल्यानं कानामागे कागदाचा बोळा खोचला. बाईंना हे बघून हसू आवरेना, आणि म्हणून त्यांचे फोटो बाद झाले. चार वेळा त्या कॅमेऱ्यासमोर बसल्या आणि चारही वेळा त्यांना तो बोळा आठवला.

"हा तुला खेळ वाटतो?" कंट्रोलर म्हणाले.

"अहो, मी रडायलाच बसले होते," बाई म्हणाल्या. "पण तुमचा कान!"

अर्जात बत्तीस प्रश्न होते. 'आमच्या देशात येण्याचा उद्देश' या रकान्यापुढे कंट्रोलरांनी दोन दिवस विचार करून लिहिलं, 'न येणे.' 'मुक्कामाचा पत्ता' यापुढे लिहिलं, 'विमानतळ, खुर्ची मिळेल ती.' 'आपल्याला निमंत्रण देणाऱ्या व्यक्तीचं नाव' इथे मात्र त्यांचं पेन थांबलं. ज्या देशाचं तोंडही बघायचं नाही, तिथे आपल्याला बोलावणार कोण? त्यांनी रेघ मारली, तीही पट्टी लावून.

कचेरी उघडायची नऊला. कंट्रोलर बाईंना घेऊन पावणेसातला फाटकाशी हजर. फाटकावरच्या रखवालदारानं सांगितलं, "वेळेच्या पंधरा मिनिटं आधीच आत सोडतो. तोवर इथे उभं राहायचं नाही. रस्त्याच्या पलीकडे."

"पण आम्ही लवकर आलोय!"

"तोच तर गुन्हा आहे," रखवालदार म्हणाला आणि त्यानं पलीकडे बोट दाखवलं. पलीकडे बंद दुकानाच्या पायरीवर दोघं दोन तास बसली. बाईंनी पिशवीतून विणकाम काढलं. बाळाचं टोपडं होतं. कंट्रोलर त्याचे टाके मोजत राहिले.

खिडकीतल्या मॅडम चष्म्यावरून बघणाऱ्या होत्या. त्यांनी अर्ज वाचला. मग पुन्हा वाचला. "उद्देश, न येणे?"

"हो."

"न येणाऱ्यांना आम्ही व्हिसा देत नाही. येणाऱ्यांना देतो."

"पण आम्ही आल्याशिवाय जाऊ शकत नाही आणि तुम्ही न दिल्याशिवाय..." कंट्रोलरांचं वाक्य कुठेतरी घसरलं. त्यांनी कपाळ पुसलं. "मॅडम, एक तास पंचवीस मिनिटांचा तर प्रश्न आहे. फक्त एक तास पंचवीस मिनिटं!"

"काका," मॅडम शांतपणे म्हणाल्या, "चोवीस तास म्हणजे चोवीस तास."

हे वाक्य कंट्रोलरांच्या ओळखीचं होतं. त्यांच्याच घरचं होतं म्हणा ना. त्यांना धावत येणारे मॅनेजर आठवले. पिशव्या घेऊन पळणाऱ्या बायका आठवल्या. एक म्हातारे गृहस्थ आठवले, जे गाडी गेल्यावर काही न बोलता बाकावर जाऊन बसले होते. त्या म्हाताऱ्याला कुठे जायचं होतं, हे कंट्रोलरांनी कधी विचारलंच नव्हतं.

"तुमचं बरोबर आहे," ते म्हणाले. आणि वर, "नियम नियमासारखाच पाळला पाहिजे," असंही म्हणाले. बाईंनी हळूच त्यांच्या पायावर पाय दिला, पण उशीर झाला होता.

मॅडमना या खिडकीवर असं कोणी बोललं नसावं. त्यांनी स्वतःच रकाने दुरुस्त करून दिले, उद्देशासमोर 'पुढील प्रवास' असं लिहायला लावलं, दोघांचे पासपोर्ट ठेवून घेतले आणि पावती दिली. भिंतीवरच्या पाटीवर लिहिलं होतं, पाच दिवस. पावतीवर बारीक अक्षरात लिहिलं होतं, सध्या गर्दीमुळे वीस कामाचे दिवस. हे बारीक अक्षर कंट्रोलरांनी बाहेर पायरीवर येऊन वाचलं. विमानाला उरले होते चौदा दिवस.

म्हणजे आता व्हिसाही नव्हता आणि पासपोर्टही नव्हते. पूर्वी निदान घरात कपाटात पासपोर्ट तरी होते. अकरा दिवसांनी हे ऐकून एक सुस्कारा सोडला आणि पहिल्यांदाच कुठलाही नियम सांगितला नाही. प्रकरण किती हाताबाहेर गेलं होतं हे त्यावरून बिल्डिंगला समजलं.

पासपोर्ट परत मागण्यासाठी कंट्रोलरांनी दीड पानी अर्ज लिहिला. त्याला विषय होता, संदर्भ होता, 'उपरोक्त' होतं आणि 'सबब विनंती' होती. चौकशीच्या फोनवर समजलं की अर्ज परत घ्यायला दहा कामाचे दिवस लागतात. कंट्रोलरांनी बोटांवर मोजलं, वहीत मोजलं, कॅलेंडरवर मोजलं. मग वही मिटली आणि भिंतीकडे तोंड करून आडवे झाले. दुपारचा दीड वाजला होता. जेवण न करता आडवं व्हायची त्यांची ही पहिली वेळ. बाईंनी ताटावर झाकण ठेवलं, चपला घातल्या आणि कोणाला न सांगता कचेरीत गेल्या.

दोन तासांनी त्या परत आल्या आणि दोन्ही पासपोर्ट टेबलावर ठेवले.

कंट्रोलर उठून बसले. "अर्ज तर इथेच राहिला. काय सांगितलंस त्यांना?"

"मुलगी बाळंत होणार आहे म्हटलं." बाईंनी पंखा लावला. "आणि म्हटलं, तिच्या वेळेला हे नव्हते. तेव्हापासून रोज मेल्याहून मेल्यासारखे होतात, बोलत नाहीत पण मला कळतं. मॅडमनी ड्रॉवर उघडून दिले काढून. व्हिसा नाही देऊ शकत म्हणाल्या, पण विमानतळावर जाऊन बघा. वेळा बदलतात कधीकधी."

ताटावरचं झाकण काढून कंट्रोलर जेवायला बसले. जेवणात मीठ कमी होतं, तेही त्यांनी वहीत लिहिलं नाही.

चौदा तारखेला जायचं की नाही, यावर मात्र घरात जुंपली. कंट्रोलरांचं म्हणणं, नियमात बसत नाही तर जायचं कशाला? चारचौघांत शोभा होईल. बाई म्हणाल्या, "घरात बसून तर नक्कीच पोचणार नाही. चला उठा." सगळी बिल्डिंग खाली पोचवायला आली. दातांच्या डॉक्टरांनी दोन टूथब्रश दिले. अकरा दिवसांनी कंट्रोलरांचे मोजे तपासले. विमान दुपारी दोनचं, आणि कंट्रोलर बाईंसह विमानतळावर सकाळी आठला. व्हिसा नसला म्हणून काय झालं, वेळेवर जायला नको?

काउंटर उघडला आणि जे व्हायचं होतं तेच झालं. काउंटरवरच्या मुलीनं पडद्यावर पाहिलं. "काका, मध्ये पंचवीस तास पंचवीस मिनिटं आहेत. व्हिसा?"

"नाही."

"मग नाही बसवू शकत. खरंच सॉरी."

बाईंना बहिणीचा सल्ला आठवला असावा, पण त्या रडल्या नाहीत. बॅगेवर बसून त्यांनी टोपडं बाहेर काढलं, पाहिलं आणि परत पिशवीत ठेवलं. कंट्रोलरांना वाटलं, हिनं मला चार शब्द सुनवावेत. बत्तीस वर्षं जे वाक्य त्यांना नकोसं होतं, ते ऐकायला ते त्या क्षणी तयार होते. ते म्हणाले, "माझ्यामुळे झालं. मी ती एक गाडी हातची..."

तेवढ्यात समोरच्या फलकावर अक्षरं फिरली. त्यांचं विमान चाळीस मिनिटं उशिरा सुटणार होतं.

कंट्रोलरांचं रक्त सवयीनं उसळलं. "चाळीस मिनिटं? कारण काय? इथे कंट्रोलर कोण आहे?" असं म्हणत ते दोन पावलं पुढेही गेले. आणि मग थांबले. पंचवीस पंचवीसमधून चाळीस गेले. चोवीस पंचेचाळीस. त्यांनी खिशातून वही काढली.

"अगं," ते म्हणाले, "अजून पाऊण तास लेट झालं पाहिजे."

त्या दिवशी त्या विमानतळावर दोनेकशे प्रवासी विमान लवकर सुटावं म्हणून कावले होते आणि एक गृहस्थ ते सुटू नये म्हणून देवाचा धावा करत होते. ज्यांनी साडेतीन मिनिटांच्या उशिरासाठी ड्रायव्हरांना मेमो दिले, तेच हे. विमान कंपनीचा माणूस समोर दिसताच त्यांनी त्याला गाठलं. "अजून किती उशीर होईल?"

"काका, इंजिनियर तपासतायत. लवकरात लवकर काढायचा प्रयत्न आहे आमचा."

"छे छे! घाई करू नका!" कंट्रोलर कळवळून म्हणाले. "नीट तपासू द्या त्यांना. चहापाणी झालं का त्यांचं?"

एक प्रवासी त्या माणसाच्या अंगावर ओरडत होता. कंट्रोलरांनी मध्ये पडून त्यालाच समजावलं, की उशिराला नेहमीच काहीतरी कारण असतं, माणसानं समजून घ्यावं. बाई लांबून ऐकत होत्या. हे वाक्य या तोंडातून येईल असं त्यांना सात जन्मांत वाटलं नसतं.

फलक पुन्हा फिरला. एक तास दहा. चोवीस पंधरा! आणखी पंधरा मिनिटं हवी होती. इंजिनियरांनी चपळाई दाखवली तर संपलं. कंट्रोलर फलकासमोरून हलेनात. बाईही येऊन शेजारी उभ्या राहिल्या. वीस मिनिटं गेली. अक्षरं खडखडली.

एक तास तीस.

"तेवीस पंचावन्न!" कंट्रोलर एवढ्या मोठ्यानं ओरडले की शेजारचं एक मूल रडायला लागलं. बॅगा ओढत दोघं काउंटरवर. मुलीनं पडद्यावर नवी वेळ पाहिली, वरिष्ठांना बोलावलं. वरिष्ठ बोटांवर मोजू लागले तेव्हा कंट्रोलरांनी वहीचं पान पुढे केलं. निघण्याची वेळ, पोचण्याची वेळ, मधला काळ, सगळे रकाने आखलेले. वरिष्ठांनी पान वाचलं, कंट्रोलरांकडे पाहिलं आणि म्हणाले, "बसतंय नियमात. पाच मिनिटं हातची आहेत."

विमानात बसल्यावर कंट्रोलरांना नवी धास्ती पडली. चांगला ड्रायव्हर वाटेत उशीर भरून काढतो. त्यांनी स्वतः अशा ड्रायव्हरांना शाबासकी दिली होती. हा वैमानिक चांगला निघाला तर? त्यांनी पाणी घेऊन आलेल्या हवाईसुंदरीला जवळ बोलावून विनवलं, "वैमानिकांना सांगाल का, सावकाश चालवा म्हणावं. आम्हाला अजिबात घाई नाही." तिला वाटलं काकांना विमानाची भीती वाटते. तिनं दोघांनाही एकेक गोळी चघळायला दिली. वैमानिकानं शेवटी तीन मिनिटं भरून काढलीच. तेवीस अठ्ठावन्न झाले. दोन मिनिटं उरली.

मधल्या देशातल्या खुर्च्या अगदी बऱ्या होत्या. बाकी त्या देशाबद्दल सांगण्यासारखं काही नाही, कारण तो त्यांनी पाहिला नाही. दुसऱ्या दिवशी जावयाचा निरोप आला. मुलीला दवाखान्यात नेलं होतं. वीस तारीख नुसती कागदावरच राहिली, बाळाला वेळापत्रकाचं काही कौतुक नव्हतं. आणि नेमकं पुढचं विमान दहा मिनिटं उशिरा सुटलं. म्हणजे चौतीस वर्षं नियमानं वागलेले कंट्रोलर एका परक्या देशात आठ मिनिटं बेकायदा बसले होते. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. कोणी धरायला आलं नाही. बाईंनी त्यांना डब्यातला शेवटचा घास दिला आणि त्यांनी तो खाल्ला.

विमानतळावरून दोघं सरळ दवाखान्यात गेली. मुलगी आत होती, जावईही आत. बाहेर लांब ओळीत खुर्च्या होत्या आणि समोर पांढरं दार. दार उघडून नर्सनं त्यांना पाहिलं, आत जाऊन सांगितलं, आणि आतून मुलीचा आवाज आला. दमलेला, पण तिचाच. "अप्पा आले?"

"आलो गं!" कंट्रोलर उभे राहून म्हणाले. "आलो, इथेच आहे!"

मग दार बंद झालं. बाईंनी त्यांचा डावा हात मनगटाशी घट्ट धरला. घड्याळ त्याच हातावर होतं, बाईंच्या मुठीखाली. किती वेळ गेला कोणास ठाऊक. आतून एक बारीक, रागावलेलं रडणं ऐकू आलं आणि कंट्रोलर तिथेच, परक्या देशातल्या परक्या माणसांसमोर, लहान मुलासारखे रडले. बाईंनी हात सोडला नाही.

नात झाली होती. टोपडं तिला जरा मोठंच झालं. मुलीनं उशीवरून मान वळवून अप्पांकडे पाहिलं आणि नुसतं हसली. त्या हसण्यात बत्तीस वर्षांपूर्वीची दुपार धुऊन निघाली.

थोड्या वेळानं फोन वाजला. अकरा दिवस होते. त्यांच्याभोवती जिन्यात सगळी बिल्डिंग जमली असावी, कारण गलका ऐकू येत होता. अभिनंदन झालं, कोणासारखी दिसते हे झालं, मोज्यांवरून कोणी अडवलं का हेही विचारून झालं. मग अकरा दिवस म्हणाले, "बरं कंट्रोलरसाहेब, वही काढतो. जन्मवेळ सांगा. मिनिटासकट!"

कंट्रोलरांनी घड्याळाकडे पाहिलं, मग बाईंकडे पाहिलं. बाई नातीला मांडीवर घेऊन बसल्या होत्या, पण कान इकडेच होते.

"माहीत नाही हो," कंट्रोलर म्हणाले. "मी इथे होतो."